परतफेडमुक्त

वीबे आणि रिन्स्केचं घर तीस वर्षांनी कर्जातून सुटलं. तसं काही झालं नव्हतं, पण केक आणून झाला होता. नेदरलँड्समधल्या झ्वोले शहरातली त्यांची अख्खी गल्ली खुर्च्यांचं रिंगण करून बसली होती आणि तिथल्या रीतीप्रमाणे प्रत्येक जण प्रत्येकाचं अभिनंदन करत होता. तेवढ्यात बँकेतल्या बाईंचा फोन आला.

"साहेब, मुद्दल कधी भरताय?"

"तीस वर्षं दर महिन्याला काय भरत होतो मग?"

"ते व्याज. तुमचं कर्ज परतफेडमुक्त प्रकारातलं आहे."

"तेच म्हणतोय मी! परतफेडीतून मुक्त!"

"दरमहा फेडण्यातून मुक्त. शेवटी एकदम फेडायचं. दोन लाख युरो घेतले होतेत, तेवढेच आहेत. एक सेंटसुद्धा हललेला नाही."

रिन्स्के मागून म्हणाली, "मी तेव्हाच विचारलं होतं, हप्ता एवढा कमी कसा? तर हा म्हणे, मोठी बँक आहे, मनही मोठं असेल. त्या व्याजात दुसरं घर आलं असतं!"

"मग नवं कर्ज द्या," वीबे फोनवर म्हणाला.

"सदुसष्टाव्या वर्षी नाही मिळत, साहेब. घर विकावं लागेल."

गल्लीने अभिनंदन परत घेतलं नाही, फक्त केक संपवला. वीबेने मात्र तिथेच बसून अर्ज लिहिला: 'तीस वर्षांत मुद्दल जराही हललेलं नाही, हे आपण स्वतःच कळवलं आहे. तरी त्याच न्यायाने अर्जदाराचं वयही सही केल्या दिवशीचंच, म्हणजे सदतीस, धरून नवीन कर्ज मंजूर करावं, ही नम्र विनंती.'