रविवारची तालीम

किनाऱ्यावर त्याला सगळे लाटामास्तर म्हणत. माणसाला आत ओढून नेणाऱ्या प्रवाहांचा तो शास्त्रज्ञ. पण बुडणाऱ्या पोरामागे उडी घेणारा बापही हमखास बुडतो, हे त्याला तीस वर्षांत कळून चुकलं होतं. म्हणून दर रविवारी तो तालीम घ्यायचा. लाल बाहुला पाण्यात सोडायचा, स्वतः बाप व्हायचा आणि गळा काढून धावत सुटायचा. लोकांनी त्याला धरून ठेवायचं.

"मी शिव्या देईन, चावेन, पाया पडेन. आज खरंच आहे, असंही म्हणेन. सोडलंत तर याद राखा!"

त्या रविवारीही तो बोंबलत पाण्याकडे धावला.

"माझी पोर गेली हो! आज खरंच आहे, सोडा मला!"

चहावाल्या मावशींनी त्याची कंबर धरली, दोघा रिक्षावाल्यांनी हात. तो चावला. पाया पडला.

"मास्तर, आज तर नाटक कंपनीच काढा!" मावशी हसल्या. टाळ्यांचा कडकडाट झाला.

ओरडून ओरडून त्याचा आवाज बसला, तेव्हा त्याने कसाबसा एक हात सोडवून मावशींच्या टपरीकडे बोट दाखवलं.

तिथे बाकावर लाल बाहुला बसला होता, कोरडाठाक.