महिषासुराला मारायला माणूस पाहिजे

ऊन चढलं तरी खंडेरावाला मारायला कोणी आलं नव्हतं.

रात्रभर गावात बोहाडा झाला. एकेक देव मुखवटा घालून नाचला, मुखवटा उतरवला आणि जीन्स चढवून पिशवी भरायला लागला. उरला महिषासुर, म्हणजे खंडेराव. देवीच्या हातून मेल्याशिवाय त्याचा मुखवटा निघत नाही, ही गावची रीत. आणि देवी, म्हणजे सुनील, सिन्नरच्या एका कंपनीत अडकली होती. सुट्टी मिळाली नव्हती.

"आबा, मी मारू का?" संबळवाल्या मंगळूनं विचारलं.

"तुझ्या घराला मान संबळाचा," मुखवट्यातून आवाज आला. "तू मारलंस तर तो खून."

पाराजवळ नाशिकची एसटी उभी होती. बोहाड्यापुरते आलेले बारा जण एकदा तिच्याकडं, एकदा खंडेरावाकडं बघत होते. थांबा, असं त्यानं कोणालाच म्हटलं नव्हतं. चाळीस वर्षं मेलो तसं यंदाही नीट मरावं, एवढंच त्याचं म्हणणं.

शेवटी मंगळूच्या पोरीनं, हर्षालीनं, सुनीलला व्हिडिओ कॉल लावला. देवी हेल्मेट घालून कंपनीच्या संडासात उभी होती. हातात तलवारीऐवजी पाना.

"आबा, लवकर! साहेब भायेर हाय."

मंगळूनं ठेका धरला. खंडेरावानं त्या वयात तीन गिरक्या घेतल्या आणि फोनसमोर छाती काढली. देवीनं पाना उगारला. पाना तिथंच राहिला. रेंज गेली.

"पडा की आबा," हर्षाली म्हणाली. "मारलं समजायचं."

"लागला नाय."

"गाडी सुटंल, आबा!"

"मला लागला नाय."

ड्रायव्हरनं हॉर्न दिला. मग मात्र देव पळाले. शंकरानं रुमाल टाकून जागा धरली, गणपती खिडकीतून आत गेला, मारुतीनं धावत्या गाडीचा दांडा पकडला. मंगळू आणि हर्षाली मागच्या सीटवर मावले.

धूळ खाली बसली. इतक्या वर्षांत पहिल्यांदाच महिषासुर जिंकला होता. अख्खं गाव त्याच्या हाती आलं होतं: सव्वीस घरं, पंचवीस कुलुपं.

त्याची बायको अंबूबाई चहा घेऊन आली. तिनं कप मुखवट्याच्या तोंडाशी नेला. तोंड चांगलं वीतभर रुंद होतं. दात होते, लाल जीभसुद्धा होती. सगळं रंगवलेलं. भोक कुठंच नव्हतं.

तिनं कप मागं घेतला.

"बशीत ओतू?" तिनं विचारलं.