यानाबाहेरचा गडी

‘मानूस पडला का चूक त्याची, अन् टाकीवर नाव तुमचं.’ हे कुलदीपच्या तोंडापर्यंत आलं आणि तिथंच राहिलं. पंपघरात पाणीपुरवठ्याच्या साहेबांनी कागद त्याच्यापुढं सरकवला होता. पातूरजवळच्या या गावातल्या पाण्याच्या उंच टाकीत ब्लिचिंग पावडर टाकायला चढलेला श्याम स्वतःच्या निष्काळजीपणानं पडला, असं त्यावर छापून आणलं होतं. तेव्हा वर सोबतीला कुलदीपच होता. त्याची सही झाली की मोडल्या कमरेसकट श्याम वाऱ्यावर. सही नाही केली, तर कुलदीपचं काम गेलं.

साहेब फोनवर बोलत होते. दाराबाहेर सकाळचा चंद्र विरत चालला होता, दुधावरच्या सायीसारखा. पाहता पाहता कुलदीपला हलकं वाटू लागलं. परवा टाकीवरही असंच वाटलं होतं. पातूरचे डोंगर निळे, खाली गाव चिडीचूप. शिडीचा कठडा कधीचा गंजून गळालेला. श्यामचा हात सावकाश, अगदी सावकाश, हवेवर मिटला.

काल दवाखान्यात कुलदीपच्या लेकीनं, गीतांजलीनं, श्यामच्या खाटेशी बसून अंतराळवीरांचं पुस्तक वाचून दाखवलं होतं. माणूस चंद्रावर उतरायच्या आधी, साठेक वर्षांमागं, एक कसलेला गडी यानाबाहेर निघाला. तिथं वजनच नाही. काही पिळायला जावं, तर ते राहतं जागेवर आणि माणूसच फिरतो. गडी दमला, वाफेनं डोळ्यांपुढची काच आंधळी झाली, काम टाकून आत आला. पुढं आणखी एक गेला, तोही थकला. श्याम पडल्या पडल्या हसला. म्हणाला, त्यायच्यावरबी चौकशी बसली असन.

“झोपला का बे?” साहेबांनी फोन ठेवला. “कर सही.”

कुलदीपनं पेन खाली ठेवलं.

“साहेब, चौकशी त्या चंद्रावाल्या गड्यायचीबी झालती. पन त्यायच्या साहेबायनं गड्याची चूक लिवून कागद मिटला नाई. यानाले धराले दांडे लावले, पाय अडकवाले जागा केली, पान्यात बुडून सराव केला. मंग त्याच साली एक गडी बाहेर निंगाला अन् समदं काम करून आरामात आत गेला. तवा कुठी चंद्राची वाट मोकळी झाली. आता तुमी सांगा. श्यामले वर धराले काय होतं?”