रहमतबीची कुल्फी

रहमतबी आणि तिचा नवरा कामरगावच्या बाजारात मटक्यातली कुल्फी विकायचे, तेव्हा दूध आटेपर्यंत ती चुलीपासून हलत नसे. पुढं लेकानं, जमशेदनं, कारंज्यात कुल्फीचा कारखाना काढला, मग रंगूनला दुसरा. आता कोलंबोचा व्यापारी करारासाठी आला होता. त्याच्यासमोर बशी ठेवून जमशेदनं आईलाही कारखान्यातली कुल्फी दिली. पहिल्याच घासाला दातांत काहीतरी अडकलं. बोटानं काढलं, तर लगदा झालेला टीपकागद, शाईचा निळा डाग तसाच. "हे काय घालून राह्यला रे?" "चूप, अम्मी," जमशेद कुजबुजला. "त्यानं कुल्फी घट्ट होते, दूध कमी लागते." तिनं व्यापाऱ्यासमोरची बशी ओढली. "खाऊ नका, साहेब!" "मी कुठं खातो?" तो हसला. "मला विकायची आहे." रहमतबी अंगणात भडाभडा ओकली. परतली तेव्हा सह्या करून दोघं बाहेरून मागवलेले पेढे खात होते.