दुसरा भाग

पडद्यावरच्या नायिकेच्या हनुवटीवर ठसठशीत तीळ होता. शेजारच्या फोंगआजींच्या हनुवटीवर तो नव्हता.

चारुशीलाने लॅपटॉपवर सिनेमा थांबवला आणि नवऱ्याला हाक मारली. चंद्रहासने चष्मा लावून पाहिलं.

"नाकसुद्धा वेगळं आहे. बाई थापा मारतेय. उद्याचा सत्कार रद्द कर, नाहीतर अख्ख्या सालमियात आपलं हसं होईल."

चारुशीला कुवेतमधल्या सालमियाच्या मराठी मंडळात जुने सिनेमे दाखवायची. आपण तरुणपणी हाँगकाँगच्या कँटोनीज सिनेमांत नायिका होतो, पडद्यावर आपलं नाव सिऊ-हा होतं, असं आजींनीच तिला सांगितलं होतं. त्यांच्या सत्कारासाठी हॉल ठरला, शाल आणून झाली, आणि आज हा सिनेमा नेटवर सापडला. आता तिला बाकीच्या गोष्टीही खटकू लागल्या. आजींकडे त्या काळचा स्वतःचा एकही फोटो नव्हता. सिनेमाबद्दल कुणी खोदून विचारलं, की त्या चहा ठेवायला उठायच्या.

ती लॅपटॉप घेऊन शेजारी गेली. आजींचा मुलगा रिफायनरीत कामावर गेला होता. आजी एकट्याच होत्या.

"आजी, ही तुम्ही नाही," चारुशीला इंग्रजीत म्हणाली.

आजींनी तोंड पडद्याजवळ नेलं. बराच वेळ पाहत राहिल्या.

"नाही. ही माझी थोरली बहीण."

"मग मला खोटं का सांगितलंत?"

"दुसरा भाग बघितलास?" त्यांच्या मोडक्यातोडक्या इंग्रजीत राग नव्हता.

सिनेमा दोन भागांत होता. चारुशीलाने पहिलाच पाहिला होता. तिने दुसरा लावला. नायिका तीच, नावही तेच. पण आता तिचा चेहरा कुठेच दिसेना. ती खिडकीकडे तोंड करून रडत होती. नवऱ्याच्या शवपेटीवर कोसळली, तेव्हा केस तोंडावर आले होते. शेवटी ती पाठमोरीच समुद्रात चालत गेली. नुसती पाठ हलत होती, तरी चारुशीलाने तो प्रसंग मागे नेऊन पुन्हा पाहिला.

"दोन भागांच्या मध्येच बहीण तापाने गेली," आजी म्हणाल्या. "निर्मात्याने मला तिचे कपडे घातले, नाव तिचंच ठेवलं. त्या नावात आम्ही दोघी होतो. पुढे कितीतरी वर्षं तेच काम. नायिकेला पाण्यात उडी मारायची असली, घोड्यावरून पडायचं असलं, की मला बोलवायचे. पाठ माझी, चेहरा दुसरीचा."

चारुशीला त्यांच्या शेजारी सोफ्यावर बसली.

"उद्या आपण दुसरा भाग दाखवू. तुमच्या खऱ्या नावाने."

आजींनी मान हलवली. हो की नाही, ते कळलं नाही.

"पहिला भाग चालू होता, तोवर आई रोज बहिणीला बघायला थिएटरात जायची," त्या म्हणाल्या. "दुसरा लागला, तेव्हा घरीच बसली."