दर रविवारचा काळूराम

"आक्का, मी आलो गं," म्हणत लहानू ओटीवर चढला. नारपोलीहून पडघ्याला यायचं म्हणजे एक रिक्षा, एक बस आणि वर चाल. चौसष्टाव्या वर्षी गुडघे ऐकत नव्हते.

चाळीस वर्षं लहानूनं नाटकांत आणि मालिकांत इंग्रज साहेबाचीच कामं केली. गोरा रंग, घारे डोळे. दुसरं कुणी काही दिलंच नाही. कधी कलेक्टर, कधी कप्तान. दोन वाक्यं बोलायची आणि गोळी खाऊन पडायचं. नाव कुणाच्या लक्षात राहिलं नाही. मग साहेब लागेनासे झाले.

दोन वर्षांपूर्वी निशा त्याला शोधत आली. तिच्या सासूचा, आक्काचा, धाकटा भाऊ काळूराम अपघातात गेला होता. आक्का ते मानायलाच तयार नव्हती. काळू येईल तेव्हाच जेवीन म्हणून बसली होती. काळूरामचेही डोळे घारे होते.

"फक्त रविवारी या काका," निशा म्हणाली होती. "तुमच्याबरोबर दोन घास खातील. आणि... नाव, आडनाव काही काढू नका. सासूबाई जुन्या वळणाच्या आहेत."

ती जातीचं बोलतेय, हे लहानूला कळलं होतं. तिला मात्र एक ठाऊक नव्हतं. लहानू याच गावच्या बौद्धवाड्यातला; सात वर्षांचा असताना आईबरोबर गाव सोडून गेलेला. त्यानंही सांगितलं नाही. काम हवं होतं.

आक्का जेवू लागली. पण तिच्या स्वयंपाकघरात, तिच्या शेजारी बसून जेवताना लहानूला प्रत्येक घास जड जायचा. म्हातारीला फसवतोय, हे एक. आणि तिला कळलं तर काय होईल, हे दुसरं. नाटकात पडदा पडला की रंग पुसता यायचा. इथे पडदा पडतच नव्हता.

आज हे थांबवायचं, असं त्यानं ठरवलं होतं. कोल्हापूरला तीन महिन्यांचं काम मिळालं होतं, पहिल्यांदाच साहेबाचं नसलेलं.

आक्कानं तांदळाची भाकरी आणि सुकट वाढली.

"आक्का, मी कामाला लांब चाललोय. आता येणं व्हायचं न्हाय."

"कवा चाललास?"

"उद्याच."

निशा कळशी घेऊन मागच्या दारी गेली, तेव्हा आक्कानं पदर सारखा केला.

"काळू गेला, मना म्हायत हाय," ती हळूच म्हणाली. "त्याच दिवशी कळलं व्हतं. निशाला बोलू नको. पोरीनं लय धडपड केली."

लहानूचा हात ताटातच थांबला.

"मग मला का येऊ दिलंस?"

आक्कानं आणखी एक भाकरी त्याच्या ताटात ठेवली.

"तुझी आय, कलावती, तुझ्यावानीच घाऱ्या डोळ्यांची, आमच्या खळ्यावर कामाला यायची. भर उन्हात पाणी मागायची, न् मी तिच्या ओंजळीत वरनं ओतायची," ती म्हणाली. "जेव, लहानू."