दोन किलो सॉसेज, तीन किलो पीठ

मिरेकने उत्तर ४४ लिहिलं होतं आणि लुद्विकाबाईंनी त्यावर ठसठशीत लाल फुली मारली होती.

चौथीच्या वार्षिक परीक्षेतलं सातवं गणित. झोशामावशीने सहा झ्लॉटी किलोचं तीन किलो पीठ आणि दोन किलो सॉसेज घेतलं. एकूण १६० झ्लॉटी झाले, तर सॉसेजचा भाव किलोला किती? वर्गातल्या तीस मुलांनी वजाबाकी आणि भागाकार करून ७१ काढले होते. वजाबाकीशी कायमचं वाकडं असलेला मिरेक तेवढा वेगळा निघाला.

पेपर हातात पडताच तो उठून उभा राहिला. "बाई, सॉसेज चव्वेचाळीसच असतं की. आईबरोबर रांगेत मीच उभा असतो."

पोरं हसली. बाई हसल्या नाहीत. त्यांनी फळ्याकडे तोंड करून गणित मनातल्या मनात पुन्हा केलं आणि त्यांच्या पायाखालची वाळू सरकली. एकूण १०६ हवे होते. टंकताना शून्य आणि सहा यांनी जागा बदलल्या होत्या, आणि तपासताना बाईंनीही छापील आकडाच धरला होता.

सॉसेजचा सरकारी भाव वर्षानुवर्षं हलला नव्हता, पोरांना तो पाढ्यासारखा पाठ होता. मागे एकदा भाव वाढवले तेव्हा बंदराच्या गावांत लोक रस्त्यावर उतरले होते आणि गोळ्या चालल्या होत्या. तेव्हापासून महागाईची नुसती आवई उठवणाराही उचलला जाई. आणि बाईंनी काढलेला हा पेपर जिल्ह्यातल्या चौदा शाळांत गेला होता. एव्हाना चौदा शाळांतली पोरं घरी जाऊन सांगत असतील, सॉसेज एकाहत्तर.

बाईंना स्वतःची भीती नव्हती असं नाही, पण मुलीची जास्त होती. आन्काने वैद्यकीय महाविद्यालयाची परीक्षा दिली होती आणि यादी पुढच्या आठवड्यात लागायची होती. उमेदवाराच्या आईबापाची फाइल चाळल्याशिवाय त्या यादीत कुणाचं नाव येत नसे. बाप तर केव्हाच वारला होता. उरली आईची फाइल.

त्या तडक मुख्याध्यापक गाव्लिक यांच्याकडे गेल्या. गाव्लिक म्हणजे चार सरकारं आणि सहा शिक्षणाधिकारी पचवलेला माणूस. त्यांनी आधी खिडकी लावली, मग दार लावलं, आणि मग ऐकून घेतलं.

"चूक झाली असं चुकूनही म्हणू नका," ते म्हणाले. "चौकशीवाले लगेच विचारतील, चुकीत नेमका जास्तीचाच भाव कसा आला? महागाई होणार हे तुमच्या मनात घोळत होतं म्हणूनच ना? आता मन कुठून उघडून दाखवणार?"

"मग काय सांगू, सर?"

"सांगा, आकडा एका जबाबदार माणसाकडून मिळाला. वरचं कुणी निघेल म्हणून ते पुढे खोदत नाहीत. नाव विचारलं तर सांगता येत नाही म्हणा. नाव लपवावं लागतं तो माणूस मोठाच असतो, असा त्यांचा हिशेब आहे."

बाईंना हे पटलं नाही. पण बुडत्याला काडीचा आधार. दोन रात्री त्या हे वाक्य पाठ करत जाग्या राहिल्या. आन्काला काही कळू दिलं नाही. ती बिचारी नव्या पांढऱ्या डगल्याची स्वप्नं बघत होती.

तिसऱ्या दिवशी सकाळी गुप्त पोलिसांचा माणूस शाळेत आला. फिकट सूट, वागायला अदबशीर. त्याने बाईंना आधी बसायला सांगितलं, मग स्वतः बसला. बरोबर आणलेल्या पेपरवर सातवं गणित त्याने त्यांच्यासमोर पेन्सिलीने सोडवलं. उत्तराखाली दोनदा रेघ ओढली.

"एकाहत्तर," तो म्हणाला. "टंकताना काही चुकलं का, बाई? माणसाच्या हातून होतं असं."

बाईंच्या अगदी ओठावर आलं होतं, हो, चुकलं. पण इतक्या गोडीने विचारतोय म्हणजे हाच तो सापळा, असं त्यांना वाटलं.

"चूक नाही," त्या म्हणाल्या. "आकडा मला एका जबाबदार माणसाकडून मिळाला."

"नीट विचार करा. मी पुन्हा विचारतो. शून्य आणि सहा, जागा बदलतात कधी कधी."

"नाही. मी दोनदा तपासलं होतं."

"नाव?"

"ते सांगता येणार नाही."

त्याने मान हलवली. आवाज चढवला नाही, मेजावर मूठ आपटली नाही. गाव्लिक सरांचं खरं ठरलं, बाईंना वाटलं, आणि तीन दिवसांत पहिल्यांदाच त्यांनी मोकळा श्वास घेतला. त्याने कोरा कागद पुढे सरकवला आणि हेच चार ओळींत लिहून द्यायला सांगितलं. बाईंनी फळ्यावर लिहावं तशा वळणदार अक्षरात लिहिलं, खाली सही केली, तारीख घातली.

शाई वाळेपर्यंत तो थांबला. मग कागदाची घडी करून त्याने आतल्या खिशात ठेवली आणि खुर्ची जवळ ओढली.

"सॉसेज सोमवारपासून एकाहत्तर झ्लॉटी होणार आहे, बाई," तो हळूच म्हणाला. "आख्ख्या देशात हे फक्त नऊ माणसांना ठाऊक आहे. त्यांतला तुमचा कोण?"